गुन्हेगारीपटांतील आई

लीला चिटणीस म्हटले की सोशिक आईचा चेहरा आठवतो. कारकिर्दीच्या आरंभी मात्र त्यांनी स्वतःच लुटारू रंगवला होता, तोही पुरुषी वेषात!

धारवाडला नगरकर कुटुंबात जन्मलेल्या लीलाबाईंचे वडील इंग्रजीचे प्राध्यापक होते. डॉ. गजानन चिटणीस यांच्याशी झालेला त्यांचा विवाह टिकला नाही. चार मुलांच्या उदरनिर्वाहासाठी त्यांनी शिक्षिकेची नोकरी केली आणि रंगभूमीमार्गे त्या चित्रपटांत आल्या. १९३७ च्या ‘जंटलमन डाकू’त त्यांनी सफाईदार भामटा साकारला. महाराष्ट्रातील पहिली पदवीधर अभिनेत्री अशी त्यांची जाहिरात झाली. १९३९ च्या ‘कंगन’ने त्यांना बॉम्बे टॉकीजची आघाडीची नायिका केले.

१९४८ च्या ‘शहीद’पासून आईच्या भूमिका सुरू झाल्या. ‘आवारा’त (१९५१) डाकूने पळवून नेलेल्या निरपराध पत्नीला न्यायाधीश पती घराबाहेर काढतो आणि तिचा मुलगा त्याच डाकूच्या हाती पडतो. ‘काला बाजार’मध्ये (१९६०) त्या काळाबाजार करणाऱ्या तरुणाची आई होत्या. ‘गंगा जमना’त (१९६१) चोरीचा खोटा आळ आलेल्या त्यांच्या गोविंदीचा थोरला मुलगा पुढे डाकू होतो.

मुलगा गुन्हेगार होण्याआधी घरावर झालेला अन्याय प्रेक्षकाला प्रथम दिसे तो या आईच्या चेहऱ्यावर. शस्त्र हाती न घेताही गुन्हेगारीपटाला नैतिक आधार देणाऱ्या या अभिनेत्रीचे १४ जुलै २००३ रोजी अमेरिकेतील डॅनबरी येथे निधन झाले.