ऋत्विक घटक : रूळ जिथे संपतात

४ नोव्हेंबर १९२५ रोजी ढाक्यात जुळी भावंडं जन्मली. मुलगा ऋत्विक, मुलगी प्रतीती. घर शिकल्यासवरल्या लोकांचं, वडील सरकारी अधिकारी. पुढे फाळणी झाली. ऋत्विक कोलकात्यात राहिले, प्रतीती लग्न होऊन पूर्व पाकिस्तानात गेल्या. एका दिवशी जन्मलेल्या दोघांचे देश वेगळे झाले. सीमाभागातल्या माणसाला यापेक्षा जास्त फोडून सांगायला नको.

घटकांचा सिनेमा रडका, जड, अशी तक्रार आजही होते. ती अगदीच खोटी नाही. पण चालणारी गोष्ट त्यांना लिहिता येत नव्हती असं नाही. बिमल रॉय यांच्या गाजलेल्या ‘मधुमती’ची (१९५८) कथा घटकांचीच. स्वतःच्या सिनेमात मात्र त्यांनी प्रेक्षकाला अशी सोय दिली नाही.

‘मेघे ढाका तारा’ (१९६०) घ्या. निर्वासित कुटुंबातली नीता कमावते आणि घर तिला खात राहतं. चप्पल तुटते, तरी ती तशीच चालते. तिचा प्रियकर तिच्याच धाकट्या बहिणीकडे वळतो. ते कळल्यावर नीता जिना उतरू लागते आणि चाबकाचे फटके ऐकू येतात. पडद्यावर चाबूक कुठेच नाही. घाईत बघणाऱ्याला हा आवाज विचित्र वाटेल. तिच्याबरोबर एकेक पायरी उतरणाऱ्याला मात्र तो अंगावर बसतो. शेवटी नीताला क्षय होतो आणि तिची रवानगी शिलाँगच्या इस्पितळात होते.

‘कोमल गांधार’मध्ये (१९६१) नाटकमंडळीतले दोघे पद्मेच्या काठी उभे असतात. पलीकडे त्यांचा मुलूख. पूर्वी गाडी जायची तो रूळ नदीपाशी येऊन संपलेला. कॅमेरा त्या रुळावरून सुसाट धावतो, शेवटच्या अडसरावर आदळतो आणि पडदा काळा होतो. फाळणीवर भाषणं पुष्कळ झाली, पण हा काळा पडदा त्या सगळ्यांना पुरून उरतो. सिनेमा मात्र सपशेल पडला. घटक खचले, दारू वाढली. ‘सुवर्णरेखा’ तयार होऊनही १९६५ पर्यंत अडकून पडला.

त्याच सुमाराला ते पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकवायला आले, उपप्राचार्यही झाले. मुक्काम थोडाच, पण मणि कौल, कुमार शहानी, जॉन अब्राहम हे त्यांचे विद्यार्थी. गंमत म्हणजे गुरूच्या सिनेमात आक्रोश आहे, तर कौलांच्या ‘उसकी रोटी’त एक बाई रस्त्याकडेला नवऱ्याची रोटी घेऊन बसची वाट बघते, एवढंच. गुरूची नक्कल एकानेही केली नाही, हे शिकवण्याचं यशच.

बांगलादेश झाल्यावर घटक पलीकडे गेले आणि त्यांनी आटत चाललेल्या नदीकाठच्या कोळ्यांवर ‘तिताश एकटि नदीर नाम’ (१९७३) केला. तब्येत साथ देत नव्हती. शेवटच्या सिनेमात त्यांनी स्वतःच एका दारुड्या बुद्धिजीवी माणसाचं काम केलं, स्वतःची गय न करता.

६ फेब्रुवारी १९७६ रोजी, वयाच्या ५० व्या वर्षी, ते कोलकात्यात गेले. त्यांचा पहिला सिनेमा ‘नागरिक’ १९५२ मध्येच बनला होता. तो थिएटरला लागला १९७७ साली.