अ‍ॅना मणी : अचूक मापाचा आग्रह

वैशाखात आपल्या बीड जिल्ह्यात पारा ४० अंश सेल्सिअसपलीकडे जातो. जुन्या फॅरनहाइट मापात हेच ४० अंश १०४ होतात. आकडा बदलतो, ऊन बदलत नाही. मात्र आकड्यावर विश्वास ठेवायचा तर तापमापक अचूक असावा लागतो. स्वतंत्र भारताला अशी अचूक हवामान-उपकरणे स्वतः घडवता यावीत, यासाठी पुण्यात दोन दशके झटलेल्या शास्त्रज्ञ म्हणजे अ‍ॅना मणी.

त्यांचा जन्म २३ ऑगस्ट १९१८ रोजी त्रावणकोर संस्थानातील पीरमेड येथे एका सुखवस्तू सीरियन ख्रिस्ती कुटुंबात झाला. आठ भावंडांत त्या सातव्या. मुलांनी मोठ्या हुद्द्यांसाठी आणि मुलींनी विवाहासाठी तयार व्हावे, अशी घराची रीत होती. आठव्या वाढदिवशी मिळालेली हिऱ्यांची कर्णभूषणे नाकारून या मुलीने एन्सायक्लोपीडिया ब्रिटानिकाचे ग्रंथ मागितले. त्याच सुमारास, १९२४-२५ मध्ये, वायकोम येथे मंदिराभोवतीच्या रस्त्यांवरून अस्पृश्य मानलेल्यांना चालता यावे म्हणून सत्याग्रह झाला. चवदार तळ्याचा संग्राम त्यानंतर दोन वर्षांनी घडला. वायकोमच्या चळवळीचा संस्कार अ‍ॅना मणींवर झाला आणि त्यांनी खादी स्वीकारली.

मद्रासच्या प्रेसिडेन्सी महाविद्यालयातून १९३९ मध्ये भौतिकशास्त्राची पदवी घेऊन त्या बंगळूर येथे सर सी. व्ही. रामन यांच्या प्रयोगशाळेत दाखल झाल्या. हिरे व माणकांच्या प्रकाशगुणांवर त्यांनी स्वतंत्रपणे पाच शोधनिबंध लिहिले. १९४५ मध्ये त्यांनी प्रबंध सादर केला; पण पदव्युत्तर पदवी नाही, या कारणावरून मद्रास विद्यापीठाने त्यांना डॉक्टरेट नाकारली.

त्याच वर्षी सरकारी शिष्यवृत्तीवर त्या लंडनच्या इम्पीरियल कॉलेजात गेल्या आणि हवामान-उपकरणांचे शास्त्र शिकून १९४८ मध्ये पुण्याच्या हवामान खात्यात रुजू झाल्या. तेव्हा साधी उपकरणेही ब्रिटनहून मागवावी लागत. १९५३ मध्ये त्या उपकरण विभागाच्या प्रमुख झाल्या. हाताखाली १२१ पुरुष होते. सुमारे शंभर उपकरणांचे आराखडे त्यांनी प्रमाणित केले आणि त्यांची निर्मिती देशात सुरू केली. चुकीची नोंद ही नोंद नसण्यापेक्षा वाईट, असे त्या मानत.

१९५६ हे आपल्या धम्मक्रांतीचे वर्ष. त्याच वर्षाच्या अखेरीस देशाने वजने-मापे कायदा करून मेट्रिक पद्धती स्वीकारली. फॅरनहाइटचे सेल्सिअस करण्याची रीत आपण शाळेत शिकतो : ३२ वजा करावेत आणि उरलेल्या संख्येस ५/९ ने गुणावे. परंतु दराचे रूपांतर वेगळे असते. हवामानाच्या फुग्यासोबत वर जाणारे उपकरण दाखवते की, उंचीबरोबर तापमान दर किलोमीटरला सरासरी ६.५ अंश सेल्सिअस उतरते. हा दर फॅरनहाइटमध्ये मांडताना अनेक विद्यार्थी सवयीने ३२ मिळवून ४३.७ असे उत्तर काढतात. खरे उत्तर ११.७ आहे. दर म्हणजे दोन तापमानांतला फरक. त्यात ३२ दोन्हीकडून वजा होऊन नाहीसे होतात. पाणी गोठण्यापासून उकळण्यापर्यंत एका मापात १०० अंश, तर दुसऱ्यात १८०, म्हणून १.८ ने गुणले की पुरे. शून्य कोठे धरले होते, याला तेथे किंमत नसते.

१९५७-५८ च्या आंतरराष्ट्रीय भूभौतिक वर्षात अ‍ॅना मणींनी सौर किरणांची मोजणी करणाऱ्या केंद्रांचे जाळे भारतभर उभारले. ओझोन मोजणारे उपकरण त्यांनी विकसित केले. विक्रम साराभाईंच्या विनंतीवरून थुंबा येथे हवामान वेधशाळा उभी केली. १९६९ मध्ये त्या उपमहासंचालक म्हणून दिल्लीस गेल्या आणि १९७६ मध्ये निवृत्त झाल्या. भारतातील सौर किरणांवरचे त्यांचे ग्रंथ १९८० व १९८१ मध्ये प्रसिद्ध झाले. १६ ऑगस्ट २००१ रोजी तिरुवनंतपुरम येथे त्यांचे निधन झाले.

विद्यापीठाने त्यांच्याजवळ काय नव्हते ते पाहिले. त्यांनी कापलेले अंतर पाहिले नाही. आपल्या जिल्ह्यातील ऊसतोड कामगारांच्या लेकरांनाही समाज असाच जोखतो. अ‍ॅना मणींच्या घरी ग्रंथ विकत घेण्याची ऐपत होती. आपल्या अनेक मुलींच्या घरी दिवाळीनंतर कोयता उचलावा लागतो आणि कोवळ्या वयात लग्नाची बोलणी सुरू होतात. अशा घरातून निघून दहावीपर्यंत पोहोचलेल्या मुलीचे गुण वाचताना तिने चाललेली वाटही मोजली पाहिजे. समाजाच्या प्रगतीचे माप बाबासाहेबांनी स्त्रियांच्या प्रगतीत पाहिले. निवासी शाळा चालवण्याचे प्रयोजनही हेच आहे. मुलीला वसतिगृहात जागा आणि हाती पुस्तक मिळाले, तर पुढचे अंतर ती स्वतः कापते.

अचूक मापाचा आग्रह आयुष्यभर धरणाऱ्या या शास्त्रज्ञेस विनम्र अभिवादन.