तोन्याचं वय

१९८५ सालचा मॅगसेसे पुरस्कार म्हटलं की आपल्याला बाबा आमटे आठवतात. त्याच वर्षीच्या मानकऱ्यांत फिलिपिन्सचा एक सिनेमावालाही होता, लिनो ब्रोका. गंमत बघा, यानंही तरुणपणी कुष्ठरोग्यांमध्ये काम केलं होतं!

लिनोचा जन्म १९३९ चा, सोर्सोगोन प्रांतातला. लहानपणीच वडिलांचा राजकीय वैरातून खून झाला. आई शिक्षिका. दोन मुलांना घेऊन ती नातेवाइकांच्या दारी गेली, आणि आश्रितांच्या नशिबी जे येतं ते सगळं आलं. पुढे हुशारीवर विद्यापीठात शिकला, मॉर्मन पंथात गेला आणि धर्मप्रचारक म्हणून हवाईतल्या मोलोकाई बेटावर, कुष्ठरोग्यांच्या वसाहतीत राहिला. परत आल्यावर नाटक, आणि १९७० पासून सिनेमा.

१९७२ च्या सप्टेंबरात राष्ट्राध्यक्ष मार्कोस यांनी देशात लष्करी कायदा पुकारला. पटकथासुद्धा आधी सेन्सॉरकडे द्यायची. उघडं अंग दाखवायला बंदी आली, तर निर्मात्यांनी नायिकेला कपड्यांसकट पाण्यात भिजवलं. (आपल्याकडची पावसातली गाणी आठवली ना?) बाईचं ओलं अंग चालायचं, पण झोपडपट्टी नको! इमेल्डा मार्कोस यांना पडद्यावर देश कसा सुंदर, नीटनेटका दिसायला हवा होता.

लिनोनं नेमका कॅमेरा नेला तो मनिलाच्या झोपडपट्टीत. ‘इन्सियांग’ हा त्याचा १९७६ चा सिनेमा. इन्सियांगची आई तोन्या बाजारात मासे विकते. नवरा दुसरीबरोबर निघून गेलाय. तोन्या आपल्याहून कितीतरी तरुण अशा दादो नावाच्या गुंडाला घरात आणते, आणि तो तिच्या मुलीवरच बलात्कार करतो. आईला कळतं, तरी ती त्याचंच खरं मानते. मग मुलगी जो सूड उगवते, तो मी सांगत नाही.

तोन्याचं काम करणारी मोना लिसा ही अभिनेत्री तेव्हा चोपन्न वर्षांची होती. सिनेमात पाळी जाण्याचा शब्दसुद्धा नाही, पण मला मात्र आमच्या बचत गटातल्या बायकाच दिसत राहिल्या. पंचेचाळिशीच्या आसपास पाळी मागेपुढे होऊ लागते, दोन-दोन महिने गायब, मग एकदम धो धो. रात्री अंगातून वाफा, झोप नाही, जरा कुणी बोललं की डोळ्यांत पाणी. हे काही वर्षं चालतं. सलग बारा महिने पाळी आली नाही की मग डॉक्टर रजोनिवृत्ती म्हणतात. त्यानंतर हाडं ठिसूळ होणं, योनीचा कोरडेपणा हे पुढचं. (आणि एकदा गेलेली पाळी वर्षानंतर पुन्हा दिसली, तर खुशाल न बसता तपासून घ्या हं!) कॅल्शियमबद्दल सगळ्या विचारतात. पण नवऱ्याजवळ जावंसं वाटतं की नाही, हे कुणी विचारत नाही आणि कुणी सांगतही नाही. या वयाच्या बाईला अजून कुणीतरी हवं असतं, हे मान्य करायचीच आपल्याला लाज वाटते. लिनोला नाही वाटली. त्यानं तोन्याला देवीही केलं नाही आणि नुसती खलनायिकाही. टाकून दिली जाण्याची धास्ती घेतलेली बाई आहे ती. मुलीच्या बाबतीत ती वागते ते मला अजिबात माफ करता येत नाही, पण तिच्या भुकेची चेष्टा मात्र सिनेमा करत नाही. १९७८ मध्ये तो कानच्या महोत्सवात दाखवला गेला. तिथे पोचलेला तो पहिला फिलिपिनो सिनेमा.

मार्कोस यांच्या शेवटच्या वर्षांत तर कमालच झाली. इमेल्डाबाईंच्या हट्टापायी मनिला फिल्म सेंटर घाईघाईनं बांधलं गेलं. १९८१ च्या नोव्हेंबरात तिथला सांगाडा कोसळून मजूर गाडले गेले. पुढे त्याच सरकारी इमारतीत पैसे उभे करायला बोल्ड सिनेमे बिनकात्रीचे दाखवले! आणि लिनोच्या ‘बायान को’ला, म्हणजे गरोदर बायकोच्या दवाखान्याच्या खर्चापायी दरोड्यात सामील होणाऱ्या छापखान्यातल्या कामगाराच्या गोष्टीला, ‘फक्त प्रौढांसाठी’ असा शिक्का. मंडळाच्या अध्यक्ष एक बाईच होत्या. लिनो आणि त्याचे सहकारी सर्वोच्च न्यायालयात गेले, जुलै १९८५ मध्ये याचिका फेटाळली गेली. त्याच वर्षी जानेवारीत जीपनी चालकांच्या संपाला पाठिंबा दिला म्हणून त्याला अटकही झाली होती. मॅगसेसे मिळाला तो या सगळ्यानंतर.

१९८६ मध्ये मार्कोस पळाले. नव्या घटनेच्या आयोगावर लिनोला घेतलं. बोलण्याच्या स्वातंत्र्याबरोबर ‘अभिव्यक्ती’ हा शब्द घटनेत आला तो त्याच्यामुळे. मग आयोगाशी पटेना, तेव्हा राजीनामा देऊन मोकळा झाला. १९८९ चा त्याचा ‘ओराप्रोनोबिस’ नव्या सरकारच्या काळातल्या अत्याचारांवर होता. तो कानला गेला, पण त्याच्याच देशातल्या चित्रपटगृहांत लागला नाही. मे १९९१ मध्ये मोटार अपघातात लिनो गेला, बावन्नाव्या वर्षी. तोन्या साकारणाऱ्या मोना लिसा त्याच्यानंतर अठ्ठावीस वर्षं जगल्या.