न्यायाधीश रामशास्त्री प्रभुणे

साताऱ्याजवळील माहुलीचे रामशास्त्री काशीस धर्मशास्त्र शिकले व १७५९ मध्ये पुणे दरबारचे न्यायाधीश झाले. वतनाच्या व वडिलार्जित मिळकतीच्या वाटणीचे तंटे त्याकाळी नित्याचे. दोन्ही पक्षांची तकरीर, म्हणजे कैफियत, लिहून घ्यावयाची, जामीन घ्यावयाचे, कागद व साक्षी पाहावयाच्या. निवाडपत्र त्यानंतरच, अशी रीत होती. १७७३ मध्ये नारायणराव पेशव्यांचा वध झाला, तेव्हा सत्ताधारी चुलते रघुनाथराव यांनाच दोषी ठरवून शास्त्रीबुवांनी पद सोडले. बारभाईंच्या काळी ते पुन्हा न्यायासनी बसले. १७८९ मध्ये निवर्तले. थोरल्याच्या दाबाने धाकटा गप्प बसला की घर दुभंगते. ज्ञातिबांधवहो, वाटणीपूर्वी दोघांचेही ऐकून घेणे, हेच शास्त्रीबुवांचे खरे स्मरण होय.