कोण होत्या महलका बाई चंदा? मौला अली डोंगराच्या पायथ्याशी का आहे त्यांची कबर?

हैदराबादच्या मौला अली डोंगरावरील दर्ग्यात हजारो भाविक जातात. मात्र याच डोंगराच्या पायथ्याशी १८व्या शतकातील एका नामवंत कवयित्रीची कबर आहे, हे अनेकांना ठाऊक नसते. ती कबर आहे महलका बाई चंदा यांची.

डोंगराला हे नाव कसे मिळाले?

अली हे प्रेषित महंमद यांचे चुलत भाऊ व जावई आणि शिया पंथीयांचे पहिले इमाम. त्यांची कबर इराकमधील नजफ येथे मानली जाते. मग हैदराबादेत त्यांचे स्थान कसे? आख्यायिकेनुसार, १५७८ मध्ये कुतुबशाही दरबारातील याकूत नावाच्या सेवकाला स्वप्नात अली या डोंगरावर बसलेले दिसले. दुसऱ्या दिवशी तिथल्या खडकावर हाताचा ठसा आढळला आणि दर्गा उभा राहिला. पुढे आलेले निजाम सुन्नी होते, तरीही ते इथल्या उरुसाला येत. हिंदू भाविकही येत.

जन्माआधीच जुळलेले नाते

चंदा यांचा जन्म १७६८ चा. आई राज कुंवर नर्तकी होत्या. गरोदरपणी त्यांचा गर्भ धोक्यात आला, तेव्हा मौला अलीला नवस बोलला आणि बाळ वाचले, असे सांगितले जाते. चंदा यांनी आयुष्यभर अलींवर श्रद्धा ठेवली.

तवायफ ते उमराव

संगीत आणि नृत्याबरोबरच चंदा घोडेस्वारी व तिरंदाजी शिकल्या. पुरुषी वेशात त्या दुसऱ्या निजामासोबत मोहिमांवर गेल्या. दरबारात त्यांना उमरावाचा दर्जा, जहागिरी आणि 'महलका' हा किताब मिळाला. त्याचा अर्थ चंद्रमुखी.

त्यांच्या उर्दू गझलांचा दिवाण १७९८ मध्ये तयार झाला. त्याची एक प्रत त्यांनी १७९९ मध्ये कॅप्टन जॉन माल्कम या इंग्रज अधिकाऱ्याला भेट दिली. ती आज लंडनच्या ब्रिटिश लायब्ररीत आहे. त्यांना दिवाण असलेली पहिली उर्दू कवयित्री म्हटले जाते. पण लुत्फुन्निसा इम्तियाज यांचा दिवाण थोडा आधीचा असल्याचे पुढे उजेडात आले.

कबर कुणी बांधली?

स्वतः महलका बाईंनीच. आईच्या निधनानंतर १७९२ मध्ये त्यांनी दर्ग्याच्या पायथ्याशी बाग आणि मकबरा उभारला. राजे आणि सरदार मकबरे बांधत, त्या काळात एका तवायफने आपल्या तवायफ आईसाठी तो बांधला, तोही भाविकांच्या वाटेवर. १८२४ मध्ये महलका बाईंचे निधन झाले. त्यांना आईशेजारीच दफन करण्यात आले.

पुढे काय झाले?

त्यांच्या जहागिरीतील अडिकमेटच्या जमिनीवर आज उस्मानिया विद्यापीठ आहे, पण तिथे त्यांचे नाव क्वचितच ऐकू येते. मकबऱ्याचीही पडझड झाली. अखेर २०१०-११ मध्ये अमेरिकन सरकारच्या मदतीने त्याची डागडुजी झाली.

जहागीर गेली, 'पहिली' हा मानही वादात सापडला. टिकून राहिली ती आईसाठी बांधलेली वास्तू. मौला अलीला गेलात, तर पायऱ्या चढण्याआधी पायथ्याच्या या बागेतही डोकावून या.