अर्थशास्त्र लोकांच्या हाती देणारे वि. म. दांडेकर

विदर्भ आणि मराठवाड्यातील राजकारणात ‘अनुशेष’ हा शब्द आज सर्वांच्या तोंडी आहे. प्रादेशिक अन्यायाच्या भावनेला जिल्हावार आकडेवारीचा आधार मिळाला तो प्रा. विनायक महादेव दांडेकर यांच्या समितीच्या अहवालामुळे. मात्र हा अहवाल म्हणजे त्यांच्या कार्याचा एक भाग झाला. दारिद्र्य, शेती, पीकविमा यांसारख्या प्रश्नांवरील चर्चा तज्ज्ञांच्या वर्तुळाबाहेर सामान्य नागरिकापर्यंत पोहोचावी, यासाठी त्यांनी संस्था उभारली आणि उतारवयात नियतकालिकाचे संपादनही अंगावर घेतले.

दांडेकर यांचा जन्म ६ जुलै १९२० रोजी सातारा येथे झाला. त्यांचा मूळ पिंड संख्याशास्त्रज्ञाचा. पुण्याच्या गोखले राज्यशास्त्र व अर्थशास्त्र संस्थेत धनंजयराव गाडगीळ यांच्या सहवासात त्यांनी ग्रामीण पाहणीचे काम केले. मुंबई राज्याच्या १९४८ च्या कूळकायद्याची अंमलबजावणी कशी झाली, याची पाहणी त्यांनी खुदानपूर यांच्यासह केली. १९५७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या या अहवालाने कायद्यातील तरतुदी आणि गावातील वस्तुस्थिती यांतील अंतर दाखवून दिले. कुळांनी ‘स्वखुशीने’ जमिनी सोडल्याच्या नोंदी मोठ्या संख्येने आढळल्या आणि कायद्याचा हेतू तेथेच निष्फळ ठरत होता. १९६६ मध्ये गाडगीळ यांच्यानंतर ते संस्थेचे संचालक झाले.

नीलकंठ रथ यांच्यासमवेत त्यांनी केलेला भारतातील दारिद्र्याचा अभ्यास जानेवारी १९७१ मध्ये मुंबईच्या ‘इकॉनॉमिक अँड पोलिटिकल वीकली’त प्रसिद्ध झाला. प्रतिदिनी माणशी २,२५० उष्मांकांचा आहार हा त्याचा आधार होता. १९६०-६१ च्या किमतींनुसार ग्रामीण भागात दरमहा माणशी १५ रुपये आणि शहरात साडेबावीस रुपये एवढा किमान खर्च धरला, तर सुमारे ४० टक्के ग्रामीण व ५० टक्के शहरी जनता त्याखाली असल्याचे त्यांनी दाखविले. नियोजनाची दोन दशके उलटत असताना आलेला हा निष्कर्ष अस्वस्थ करणारा होता. केवळ जमिनीच्या फेरवाटपाने हा प्रश्न सुटणार नाही, कारण वाटण्यास पुरेशी जमीनच नाही, असे त्यांचे प्रतिपादन होते. संपन्न वर्गाकडून साधनसामग्री उभारून गरिबांना सार्वजनिक कामांवर रोजगार द्यावा, हा त्यांनी सुचविलेला मार्ग होता.

हा अभ्यास ग्रंथरूपाने प्रसिद्ध केला तो दांडेकर यांनी १९७० मध्ये स्थापन केलेल्या ‘इंडियन स्कूल ऑफ पोलिटिकल इकॉनॉमी’ने. मराठीत ही संस्था ‘भारतीय अर्थविज्ञानवर्धिनी’ म्हणून ओळखली जाते. पुण्यातील तिच्या वास्तूचे ‘अर्थबोध’ हे नाव संस्थेचा हेतू पुरेसा स्पष्ट करते. १९८९ मध्ये संस्थेचे इंग्रजी नियतकालिक सुरू झाले तेव्हा दांडेकर यांनी सत्तरीच्या उंबरठ्यावर त्याचे संपादकपद स्वीकारले. अर्थतज्ज्ञ व धोरणकर्त्यांप्रमाणेच विद्यार्थी आणि सामान्य वाचकही त्यांच्या डोळ्यांसमोर होते. एकेका क्षेत्रातील धोरणांचा साकल्याने आढावा घेणारे लेख, महत्त्वाचे दस्तऐवज आणि आकडेवारी यांना त्यात स्थान होते. वाचकाने दुसऱ्याच्या मतावर विसंबून न राहता मूळ सामग्री पाहून स्वतःचे मत बनवावे, अशी ही रचना होती.

पीकविम्याबाबत त्यांनी १९७६ मध्ये मांडलेला विचार थेट धोरणात उतरला. प्रत्येक शेतकऱ्याचे नुकसान स्वतंत्रपणे मोजणे अव्यवहार्य असल्याने विशिष्ट क्षेत्राचे सरासरी उत्पन्न हा भरपाईचा आधार मानावा, असे त्यांनी सुचविले. १९७९ मधील प्रायोगिक योजना आणि १९८५ ची सर्वंकष पीकविमा योजना याच तत्त्वावर उभ्या राहिल्या. आपल्या शेतातील हानी सरासरीत हरवते, ही शेतकऱ्यांची तक्रारही तेव्हापासून या पद्धतीच्या सोबतीला आहे.

महाराष्ट्र शासनाने १९८३ मध्ये नेमलेल्या सत्यशोधन समितीचे अध्यक्षपद दांडेकर यांच्याकडे आले. राज्याची सरासरी पातळी हा निकष मानून रस्ते, सिंचन, वीज, शिक्षण, आरोग्य आदी क्षेत्रांत प्रत्येक जिल्हा किती मागे आहे, हे समितीने मोजले. १९८४ च्या अहवालानुसार एकूण अनुशेष ३,१८६ कोटी ७८ लाख रुपयांचा होता. त्यात विदर्भाचा वाटा सुमारे ३९ टक्के आणि मराठवाड्याचा साडेतेवीस टक्के होता. उरलेला ३७ टक्क्यांहून अधिक अनुशेष उर्वरित महाराष्ट्रातील जिल्ह्यांचा होता, ही बाब मात्र राजकीय वादात अनेकदा मागे पडली.

वाद दांडेकर यांनी कधी टाळले नाहीत. सातारा जिल्ह्यातीलच बुध गावचे संख्याशास्त्रज्ञ पां. वा. सुखात्मे यांनी आहाराच्या सरासरी गरजेवरून दारिद्र्य मोजण्यास आक्षेप घेतला. एकाच व्यक्तीची गरजही दिवसागणिक बदलते, असे सुखात्मे यांचे म्हणणे होते. दांडेकर यांनी १९८१-८२ मध्ये त्याला सविस्तर उत्तर दिले. पोषण आणि दारिद्र्य यांच्या मापनाचा हा वाद आजही अभ्यासला जातो.

स्वातंत्र्योत्तर अर्थव्यवस्थेचा साडेचार दशकांचा आढावा घेणाऱ्या त्यांच्या ग्रंथाचा शेतीविषयक पहिला खंड १९९४ मध्ये आला. ३० जुलै १९९५ रोजी त्यांचे निधन झाले. लोकसंख्या, दारिद्र्य व रोजगार यांवरील दुसरा खंड १९९६ मध्ये, त्यांच्या पश्चात प्रसिद्ध झाला. त्यांनी उभारलेल्या संस्थेने पुढे ‘अर्थबोधपत्रिका’ हे मराठी मासिक सुरू केले आणि आर्थिक प्रश्नांची चर्चा मराठी वाचकांच्या भाषेत घडवून आणण्याचे काम चालू ठेवले.