रक्तवाहिनीदाहाचे बारसे करणारा कुसमाउल

वैद्यकातील काही शब्द रुग्णाच्या कानावर पहिल्यांदा पडतात तेव्हा त्यांचा अर्थ लागण्याआधी धास्ती वाटते. 'व्हॅस्क्युलायटिस' हा त्यांपैकीच एक. लॅटिनमधील 'व्हॅस्क्युलम' म्हणजे लहान भांडे किंवा वाहिनी आणि ग्रीकमधून आलेला 'आयटिस' हा प्रत्यय म्हणजे दाह. मराठीत त्याला रक्तवाहिनीदाह किंवा वाहिकाशोथ म्हणता येते. दाह धमनीचा, म्हणजे शालेय पुस्तकांतील रोहिणीचा असेल तर 'आर्टरायटिस' आणि शिरेचा, म्हणजे नीलेचा असेल तर 'फ्लेबायटिस'. गंमत अशी की 'आयटिस' या प्रत्ययाचा मूळ ग्रीक अर्थ केवळ 'अमुक अवयवाचा' एवढाच होता. 'सांध्यांचा रोग', 'मूत्रपिंडांचा रोग' अशा शब्दप्रयोगांतील 'रोग' हा शब्द कालांतराने गळून पडला, प्रत्यय मागे उरला आणि पुढे वैद्यकाने त्याला दाहाचा अर्थ चिकटवला.

रक्तवाहिन्यांच्या दाहाला वैद्यकात स्वतंत्र आजाराचे स्थान मिळाले ते १८६६ साली. ते मिळवून देणारे जर्मन डॉक्टर आडोल्फ कुसमाउल यांचे नाव आजही प्रत्येक वैद्यकीय विद्यार्थ्याला पाठ असते. मात्र ते बहुधा मधुमेहाच्या धड्यात भेटते. धमन्यांच्या धड्यातील कुसमाउल तितकेसे परिचित नाहीत. एखाद्या आजाराला नाव देणे म्हणजे काय, ते नाव चुकीचे ठरले तर काय करायचे, याचा वस्तुपाठ त्यांच्या आयुष्यात सापडतो.

कुसमाउल यांचा जन्म २२ फेब्रुवारी १८२२ रोजी बाडेन संस्थानातील कार्ल्सरूए शहराजवळच्या ग्राबेन या गावी झाला. वडील आणि आजोबा दोघेही डॉक्टर. त्यामुळे मुलाचा मार्ग जणू आधीच आखलेला होता. १८४० साली त्यांनी हायडेलबर्ग विद्यापीठात प्रवेश घेतला. विद्यार्थिदशेतच त्यांना एका प्रश्नाने पछाडले : डोळ्याची बाहुली काळी का दिसते आणि तिच्या आत, डोळ्याच्या तळाशी डोकावता येईल का? या विषयावरील त्यांच्या निबंधाला विद्यापीठाचे पारितोषिक मिळाले आणि १८४५ साली तो प्रसिद्धही झाला. डोळ्याच्या आत पाहण्याचे उपकरण बनवण्याची खटपट त्यांनी केली, पण ती साधली नाही. अवघ्या काही वर्षांत हेल्महोल्ट्झ यांनी नेत्रदर्शक तयार केला आणि त्याचे श्रेय रास्तपणे त्यांच्याकडे गेले. जे दिसत नाही ते पाहायचे, ही ओढ मात्र कुसमाउल यांच्यात कायम राहिली.

व्हिएन्ना व प्राग येथे पुढील अभ्यास आणि सैन्यात शल्यचिकित्सक म्हणून काही काळ नोकरी, अशी उमेदवारी झाल्यावर १८५० च्या सुमारास ते ब्लॅक फॉरेस्टच्या डोंगराळ भागातील कांडर्न या छोट्या गावी दवाखाना थाटून बसले. संसारही थाटला. उन्हापावसात, बर्फात खेडोपाडी रुग्ण तपासत फिरणारा हा गावडॉक्टर कदाचित तिथेच आयुष्य काढता. पण एका गंभीर आजाराने त्यांना गाठले. दोन्ही पाय लुळे पडले आणि ते अंथरुणाला खिळले. आजारातून ते उठले खरे, पण डोंगरातली रपेट पुन्हा झेपण्यासारखी नव्हती. तिशी उलटलेल्या, कुटुंबवत्सल माणसाने मग धाडस केले. चालता दवाखाना सोडून ते पुन्हा विद्यार्थी झाले.

त्यांनी निवडलेले गाव होते व्युर्त्सबुर्ग आणि गुरू होते रूडोल्फ फिरखो. वयाने फिरखो कुसमाउल यांच्यापेक्षा काही महिन्यांनी मोठे इतकेच, पण विकृतिशास्त्रात त्यांचा दबदबा होता. रक्तवाहिन्यांच्या बाबतीत तर त्यांनी जुन्या समजुतींना सुरुंग लावला होता. शिरांचा दाह हेच बहुतेक सगळ्या विकारांचे मूळ, असा सिद्धान्त त्या काळी पॅरिसचे विख्यात विकृतिशास्त्रज्ञ क्रुव्हेये मांडत असत. शिरेत रक्ताची गुठळी दिसली की तिथे दाह आहे असे गृहीत धरले जाई. दाह नसतानाही गुठळी होऊ शकते आणि ती सुटून रक्ताबरोबर वाहत दुसरीकडे अडकू शकते, हे फिरखो यांनी सिद्ध केले. 'थ्रॉम्बोसिस' आणि 'एम्बोलिझम' हे आज सर्वतोमुखी झालेले शब्द या अर्थाने त्यांनीच रूढ केले. 'दाह' हा शब्द सैलपणे वापरायचा नाही, सूक्ष्मदर्शकाखाली जे दिसेल त्यालाच नाव द्यायचे, ही शिस्त त्या प्रयोगशाळेत होती. १८५५ साली कुसमाउल यांनी तेथून डॉक्टरेट मिळवली.

त्यानंतर त्यांची वाटचाल वेगाने झाली. हायडेलबर्गमध्ये अध्यापन, १८५९ मध्ये एर्लांगेन येथे प्राध्यापकपद. एर्लांगेनजवळच्या फ्युर्ट गावात आरसे बनवण्याचा मोठा धंदा होता. काचेला पाऱ्याचा मुलामा देणाऱ्या कामगारांचे हात थरथरत, तोंड येई, मन चिडचिडे आणि भित्रे होई. या कामगारांना तपासून कुसमाउल यांनी १८६१ साली पाऱ्याच्या विषबाधेवर ग्रंथ लिहिला. व्यवसायजन्य आजारांच्या अभ्यासात तो आजही मानाचा समजला जातो. १८६३ मध्ये ते फ्रायबुर्ग विद्यापीठात आले आणि इथेच त्यांच्या आयुष्यातील सर्वांत फलदायी कालखंड सुरू झाला.

१८६५ साली फ्रायबुर्गच्या रुग्णालयात एक तरुण शिंपी दाखल झाला. वय अवघे सत्तावीस. तो स्वतःच्या पायांनी जिना चढून आला होता, पण त्याची रया पाहताच हा वाचणे कठीण, असे कुसमाउल यांना वाटून गेले. ताप होता, हातापायांना बधिरता येत होती, स्नायू दुखत होते, पोटात कळा येत होत्या, लघवीतून प्रथिने जात होती. दिवसागणिक हातापायांतील शक्ती ओसरत गेली. सुई-दोरा चालवणाऱ्या बोटांना काही धरवेना. जंतुसंसर्ग म्हणावा तर तो ठरवता येईना; मूत्रपिंडाचा विकार म्हणावा तर लकव्याचा उलगडा होईना. सुमारे महिनाभरात तो मरण पावला.

शवविच्छेदन रूडोल्फ मायर यांनी केले. कुसमाउल यांचे हे सहकारी विकृतिशास्त्रज्ञ होते. हृदय, आतडी, मूत्रपिंडे, स्नायू यांना रक्त पुरवणाऱ्या मध्यम आकाराच्या धमन्यांवर जागोजाग बारीक दाण्यांसारख्या गाठी आढळल्या. एका दोऱ्यात मणी ओवावेत तशा. सगळी लक्षणे एका सूत्रात आली : त्या त्या अवयवाचा रक्तपुरवठाच आटत गेला होता.

गाठी कशाच्या? घोड्यांच्या आतड्याच्या धमन्यांत एका जातीच्या कृमीमुळे असे फुगवटे येतात, हे पशुवैद्यकाला माहीत होते. माणसातही तोच प्रकार असावा, असा तर्क दोघांनी केला आणि १८६६ साली कृमीजन्य धमनीफुगा अशा अर्थाच्या नावाने प्राथमिक टिपण छापूनही टाकले. पुढील तपासणीत मात्र कृमी असल्याचे काही सिद्ध होईना. सूक्ष्मदर्शकाखाली दिसत होती ती धमनीच्या भिंतीत दाटलेल्या पेशींची गर्दी, म्हणजेच दाह. छापील शब्दाला चिकटून राहण्याचा मोह अनेकांना आवरत नाही. कुसमाउल आणि मायर यांनी त्याच वर्षी, त्याच नियतकालिकाच्या त्याच खंडात सविस्तर निबंध लिहून आपले आधीचे मत मागे घेतले आणि आजाराला नवे नाव दिले : पेरिआर्टरायटिस नोडोसा. धमनीच्या सभोवतालचा गाठाळ दाह.

हा आजार त्यापूर्वी कोणी पाहिलाच नव्हता असे नाही. व्हिएन्नाचे रोकिटान्स्की यांनी १८५२ साली अशाच गाठींचे वर्णन केले होते. पण त्यांनी त्या सूक्ष्मदर्शकातून तपासल्या नाहीत. ते काम पुढे १८८७ मध्ये एपिंगर यांनी केले. रुग्णाची लक्षणे, शवविच्छेदन आणि सूक्ष्मदर्शकातील चित्र यांची पूर्ण सांगड प्रथम घातली ती फ्रायबुर्गच्या या जोडीने.

कुसमाउल यांचे कर्तृत्व एवढ्यावर थांबत नाही. जठराचे तोंड आकुंचित झाल्याने अन्न साचून कुजणाऱ्या रुग्णांना त्यांनी नळी घालून जठर धुण्याचा उपचार सुरू केला. १८६८ मध्ये तलवार गिळण्याचे खेळ करणाऱ्या एका कलावंताच्या घशातून सरळ, ताठ नळी उतरवून त्यांनी जिवंत माणसाच्या जठरात डोकावण्याचा पहिला प्रयोग केला. दिव्याचा उजेड अपुरा पडल्याने फारसे दिसले नाही, पण आजच्या एंडोस्कोपीची मुहूर्तमेढ तीच. देवीच्या लसीला विरोध होत असताना १८७० साली त्यांनी सामान्य लोकांसाठी पत्रांच्या रूपाने पुस्तक लिहून लसीची बाजू मांडली. १८७४ मध्ये मधुमेहाच्या बेशुद्धीत रुग्ण घेतो त्या खोल, धाप लागल्यासारख्या श्वासाचे वर्णन त्यांनी केले. 'कुसमाउल श्वसन' हे नाव आजही अतिदक्षता विभागात रोज उच्चारले जाते. १८७६ मध्ये ते स्ट्रासबुर्गला गेले. दृष्टी शाबूत असूनही लिहिलेले वाचता न येण्याच्या विकाराला त्यांनी १८७७ साली 'शब्दांधत्व' म्हटले. आज ज्याला डिस्लेक्सिया म्हणतात त्याच्या अभ्यासाचा उगम तिथे शोधला जातो.

नावे ठेवण्याची हातोटी त्यांच्या विनोदातही होती. लुडविग आइख्रोड्ट या मित्रासोबत त्यांनी एका साध्याभोळ्या शाळामास्तराच्या कवितांचे विडंबन करत 'बीडरमायर' नावाचा काल्पनिक कवी रचला. १८५५ पासून म्युनिकच्या विनोदी साप्ताहिकात त्याच्या कविता झळकल्या. थट्टेतून जन्मलेले ते नाव पुढे १८१५ ते १८४८ या काळातील जर्मन घरगुती राहणी, फर्निचर आणि चित्रकला यांना कायमचे चिकटले. १८८८ मध्ये निवृत्त होऊन कुसमाउल हायडेलबर्गला परतले. १८९९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या तरुणपणच्या आठवणी जर्मन वाचकांनी आवडीने वाचल्या. मे १९०२ मध्ये त्यांचे निधन झाले.

त्यांनी दिलेल्या आजाराच्या नावाचा प्रवास मात्र संपला नव्हता. दाह धमनीच्या केवळ सभोवताली नसून भिंतीच्या सर्व थरांत असतो, हे पुढील संशोधकांच्या ध्यानात आले. १९०३ मध्ये फेरारी यांनी 'पॉलिआर्टरायटिस', म्हणजे अनेक धमन्यांचा दाह, हा शब्द सुचवला आणि सावकाश तोच रूढ झाला. दुसरीकडे, रक्तवाहिन्यांचा कसलाही दाह दिसला की त्यावर कुसमाउल यांचीच चिठ्ठी डकवण्याची सवय अनेक दशके टिकली. जपानचे ताकायासू यांनी १९०८ साली डोळ्यांतील बदलांवरून नोंदवलेला, महाधमनी आणि तिच्या शाखांना ग्रासणारा विकार वेगळाच होता. भारतासह आशियात तो अधिक आढळतो. अमेरिकेच्या पर्ल झीक यांनी १९५२ मध्ये या गर्दीची वर्गवारी केली. १९९४ मध्ये चॅपेल हिल परिषदेने प्रसिद्ध केलेल्या परिभाषेत वाहिनीच्या आकारानुसार मोठ्या, मध्यम व लहान अशी विभागणी झाली. २०१२ च्या सुधारित परिभाषेने व्यक्तींची अनेक नावे वगळली. ताकायासू, कावासाकी अशी काही राहिली. कुसमाउल यांचा आजार मध्यम धमन्यांच्या रकान्यात, 'पॉलिआर्टरायटिस नोडोसा' म्हणून आजही आहे.

हा सारा शब्दच्छल नव्हे. व्हॅस्क्युलायटिस हे एका आजाराचे नाव नसून आजारांच्या कुळाचे नाव आहे. त्या कुळातला नेमका कोण, हे कळल्यावाचून उपचार ठरत नाही. दाह म्हटले की जंतू आणि जंतू म्हटले की अँटिबायोटिक, हा सर्वसाधारण समज इथे दिशाभूल करतो. कारण यांतील बहुतेक प्रकारांत शरीराची प्रतिकारयंत्रणाच आपल्या वाहिन्यांवर उलटते आणि तिला आवरण्यासाठी स्टिरॉइडसारखी औषधे लागतात. उलट, पॉलिआर्टरायटिसच्या काही रुग्णांत हेपटायटिस बी विषाणू कारणीभूत असतो, हे १९७० च्या सुमारास उमगले. तिथे विषाणूवरचा उपचारही तितकाच महत्त्वाचा. २०१४ मध्ये तर लहानपणी होणाऱ्या अशाच एका आजाराच्या मुळाशी एका जनुकातील दोष असल्याचे आढळले. म्हणजे एकाच नावाखाली नांदणारे आजार अजूनही वेगळे निघत आहेत.

फ्रायबुर्गच्या त्या तरुण शिंप्याला १८६५ साली कोणताही उपचार वाचवू शकला नसता. स्टिरॉइड यायला अजून जवळजवळ पंचाऐंशी वर्षे होती. आज वेळेवर निदान झाले तर अशा रुग्णांपैकी बहुतेक जण वर्षानुवर्षे जगतात. त्या निदानाची पहिली पायरी म्हणजे विखुरलेली लक्षणे एकाच वाहिनीच्या सूत्रात ओवणे. ते काम कुसमाउल यांनी केले, आणि तर्क चुकल्याचे दिसताच आपला शब्द त्याच वर्षी बदलला.